डोरेमॉन: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

निळ्या रंगाचा, बिनकानांचा, पोटावरच्या खिशातून हव्या त्या वस्तू काढणारा यांत्रिक बोका आपल्याकडच्या बहुतेक घरांत टीव्हीमुळे पोहोचला. त्यामुळे त्याच्यामागे पाव शतकाहून अधिक काळ हाताने रेखाटलेल्या गोष्टींचा मोठा संच आहे, हे अनेक पालकांना आणि खुद्द मुलांनाही ठाऊक नसते. या मालिकेबद्दल पुन्हा पुन्हा विचारल्या जाणाऱ्या प्रश्नांची उत्तरे येथे दिली आहेत. मूळ चित्रकथेविषयी थोडे अधिक सविस्तर लिहिले आहे, कारण मालिकेबद्दलचे बरेचसे गैरसमज ती कथा न वाचल्यामुळे झालेले आहेत.

डोरेमॉन आधी टीव्हीवर आला की पुस्तकात?

आधी मासिकात आला. जपानमधील शोगाकुकान या प्रकाशनसंस्थेच्या मासिकांच्या जानेवारी १९७० च्या अंकांत त्याची पहिली गोष्ट छापून आली. जपानी मासिकांचे अंक त्यांच्यावरील तारखेच्या आधीच बाजारात येत असल्याने हे अंक वाचकांच्या हाती पडले ते डिसेंबर १९६९ मध्ये. पुस्तकरूपाने पहिला खंड १९७४ साली निघाला आणि १९९६ पर्यंत असे ४५ खंड प्रसिद्ध झाले. त्यांत न घेतलेल्याही पुष्कळ गोष्टी असून, सर्व मिळून ही संख्या तेराशेच्या वर जाते.

एकाच महिन्यात सहा मासिकांत सुरुवात झाली, म्हणजे नेमके काय झाले?

शोगाकुकान ही संस्था इयत्तावार मासिके काढत असे. बालवाडीच्या मुलांसाठी वेगळे, पहिलीसाठी वेगळे, दुसरीसाठी वेगळे, अशी त्यांची रचना होती. डोरेमॉनची सुरुवात शाळापूर्व वयाच्या दोन मासिकांत आणि पहिली ते चौथीच्या चार मासिकांत अशी एकदमच झाली. मात्र एकच गोष्ट सहा ठिकाणी छापली गेली नाही. लेखकाने सहा वेगवेगळ्या गोष्टी काढल्या. कथेचा नायक असलेल्या नोबिता या शाळकरी मुलाच्या घरी डोरेमॉन प्रथम येतो तो प्रसंग सहाही वयोगटांसाठी निरनिराळ्या पद्धतीने सांगितला. लहानांसाठी चित्रे मोठी, मजकूर अगदी थोडा. चौथीच्या मुलांसाठी संवाद अधिक आणि विनोदही जरा वळणाचा. या सहाही सुरुवाती एकत्र वाचायच्या असतील, तर पन्नाशीच्या निमित्ताने २०१९ साली निघालेला ‘शून्य क्रमांकाचा’ खंड पाहावा.

ही गोष्ट तपशिलाने सांगण्याचे कारण असे, की डोरेमॉनची पुढची सगळी घडण तिच्यातून आलेली आहे. दर महिन्याला कोणत्या वयाचे मूल आपले पान उलटणार आहे, हे लेखकाला नेमके माहीत असे. जे मूल या वर्षी दुसरीचा अंक वाचत होते, ते पुढच्या वर्षी तिसरीचा अंक हाती घेणार होते, आणि त्याच्यासोबत गोष्टीही एकेक इयत्ता वर चढत होत्या.

लेखक एक की दोन?

‘फुजिको फुजिओ’ हे दोन मित्रांचे सामाईक टोपणनाव होते. हिरोशी फुजिमोतो यांचा जन्म १९३३ साली तोयामा प्रांतातील ताकाओका येथे झाला. मोतोओ आबिको १९३४ साली त्याच प्रांतातील हिमी येथे जन्मले. प्राथमिक शाळेत त्यांची गाठ पडली, दोघांनाही चित्रांचा नाद होता, आणि १९५४ साली दोघे मिळून तोक्योला गेले. पुढे अनेक वर्षे कोणी काय काढले याचा भेद न करता त्यांनी एकाच नावाने काम केले. १९८७ च्या अखेरीस मात्र त्यांनी नावे वेगळी केली. फुजिमोतो ‘फुजिको एफ. फुजिओ’ झाले आणि आबिको ‘फुजिको फुजिओ ए’.

डोरेमॉन हे फुजिमोतो यांचे काम आहे. आपल्याकडे तितकाच लाडका असलेला निंजा हातोडी हा आबिको यांचा. फुजिमोतो यांचे निधन २३ सप्टेंबर १९९६ रोजी झाले. त्या वेळीही ते डोरेमॉनच्याच एका दीर्घ कथेवर काम करत होते, आणि ती त्यांच्या सहायकांनी पूर्ण केली. आबिको २०२२ साली गेले.

डोरेमॉनची कल्पना कशी सुचली?

हा प्रसंग फुजिमोतो यांनी स्वतःच चित्रकथेच्या रूपात सांगून ठेवला आहे. नव्या कथेची जाहिरात आदल्या अंकात छापून झाली होती. तिच्यात टेबलाच्या खणातून काहीतरी बाहेर येत आहे एवढेच दाखवले होते, कारण ते ‘काहीतरी’ म्हणजे काय, हे लेखकालाच अजून ठरवता आले नव्हते. अंकाची मुदत डोक्यावर आली, रात्र एका भटक्या मांजराच्या नादात वाया गेली, आणि सकाळी घाईघाईने जिना उतरताना ते मुलीच्या खेळण्याला अडखळले. बुडाशी जड असल्यामुळे कितीही ढकलली तरी पुन्हा उभी राहणारी अशी ती गोलमटोल बाहुली होती. मांजर आणि बाहुली डोक्यात एक झाली, आणि डोरेमॉनचा आकार सापडला.

त्याचे नाव, रंग आणि मापे यांचा अर्थ काय?

‘दोरानेको’ म्हणजे भटके, उनाड मांजर. ‘एमोन’ हा जुन्या काळच्या पुरुषांच्या नावांचा शेवट. म्हणजे बाविसाव्या शतकातल्या यंत्राचे नाव चांगलेच जुन्या वळणाचे आहे, आणि जपानी मुलांना त्यातच पहिली गंमत वाटते. जपानीत उच्चार ‘दोराएमोन’ असा आहे. ‘डोरेमॉन’ हे आपल्याकडे रूढ झालेले रूप होय.

त्याचा जन्म ३ सप्टेंबर २११२ चा. उंची १२९.३ सेंटीमीटर, वजन १२९.३ किलो, छातीचा घेरही १२९.३ सेंटीमीटर, आणि उंदीर दिसल्यावर पळण्याचा वेग ताशी १२९.३ किलोमीटर. हा आकडा म्हणजे त्या काळच्या जपानी चौथीतल्या मुलांची सरासरी उंची. डोरेमॉन वाचणाऱ्या मुलाच्या खांद्याला खांदा लावून उभा राहावा, यासाठी तो निवडला गेला आणि मग विनोदाने सगळीकडे वापरला गेला.

तो मुळात पिवळा होता आणि त्याला कानही होते. कान उंदराने कुरतडले. आधीच्या गोष्टींत त्या धक्क्यानेच तो निळा पडतो. १९९५ च्या लघुचित्रपटात मात्र तो इतका रडतो की पिवळा रंग निघून जातो, असे दाखवले आहे. त्याची धाकटी बहीण डोरामी अजून पिवळीच आहे. त्याचा आवडता पदार्थ दोरायाकी, ज्याला हिंदी मालिकेत ‘डोरा केक’ म्हणतात. लहान, जाडसर धिरड्यासारख्या दोन मऊ चकत्यांमध्ये अझुकी नावाच्या लाल कडधान्याचे गोड पुरण भरून तो करतात, त्यामुळे पुरणपोळी खाणाऱ्याला त्याची चव फारशी परकी वाटू नये.

पहिल्या गोष्टीत नेमके काय घडते?

नव्या वर्षाचा पहिला दिवस आहे. नोबिता खोलीत निवांत बसला आहे. इतक्यात आवाज येतो की तीस मिनिटांनी तो फासावर लटकेल आणि चाळीस मिनिटांनी आगीत होरपळेल. टेबलाचा खण उघडतो आणि त्यातून डोरेमॉन बाहेर येतो. त्याच्यामागून सेवाशी, म्हणजे नोबिताच्या नातवाचा नातू. भविष्यवाणी खरी ठरते, पण वेगळ्याच तऱ्हेने: छपरावर अडकलेले, बॅडमिंटनसारख्या खेळातले फूल काढायला गेलेला नोबिता घसरतो आणि कपड्यांनिशी झाडाच्या फांदीला लोंबकळतो.

सेवाशी सोबत भविष्यातला फोटोंचा संग्रह घेऊन आला आहे. त्यात नोबिताला नोकरी मिळत नाही, तो स्वतःची कंपनी काढतो, ती आगीत जळते, आणि कर्जाचा डोंगर एवढा वाढतो की सेवाशीच्या पिढीपर्यंत घरात पैसा नाही. लग्नही, त्याला दमदाटी करणाऱ्या जियान या मुलाच्या बहिणीशी, जायकोशी झालेले आहे. हे बदलण्यासाठी डोरेमॉनला पाठवले आहे.

नोबिताचे लग्न त्याला आवडणाऱ्या मैत्रिणीशी, शिजुकाशी झाले, तर सेवाशी जन्माला कसा येणार?

हा प्रश्न पहिल्याच गोष्टीत नोबिता स्वतः विचारतो. सेवाशी उत्तर देतो की तोक्योहून ओसाकाला जायला वाहने अनेक आहेत. दिशा बरोबर असली की कशानेही गेलात तरी ओसाकालाच पोहोचाल. आनुवंशिकशास्त्र काय म्हणेल ते म्हणो, दहा वर्षांच्या मुलाला एका वाक्यात पटेल असे याहून चांगले उत्तर मला सुचत नाही.

पात्रांच्या नावांना काही अर्थ आहे का?

आहे. ‘नोबी नोबी’ म्हणजे मोकळेपणाने, दडपणाशिवाय वाढणे. नोबी नोबिता हे नाव त्यावरून आले. नोबिताच्या मित्रांपैकी सुनियोच्या नावात रुसणे आहे आणि होनेकावा या आडनावात हाडे व कातडी. जियान हे ‘जायंट’वरून पडलेले नाव, त्याचे खरे नाव ताकेशी गोदा. शिजुका म्हणजे शांत. वर्गातला हुशार देकिसुगी याच्या नावाचा अर्थच ‘गरजेपेक्षा जास्त जमणारा’ असा होतो.

ही मुले खेळतात त्या मैदानात नेहमी तीन पाइप का असतात?

नोबिताचे घर तोक्योच्या नेरिमा भागात आहे. १९७० च्या आसपास अशा उपनगरांत बांधकामांचा धडाका चालू होता, रिकामे भूखंड पडून होते, आणि गटारांसाठी आणलेले सिमेंटचे मोठे पाइप तिथेच रचलेले असत. मुलांनी त्यांनाच खेळाची जागा केले. खाली दोन, वर एक अशी ती रचना, मागे कुंपणाची भिंत, आणि भिंतीपलीकडे चेंडूने काच फुटली की बाहेर येणारे कामिनारी आजोबा, हे सारे त्या काळच्या तोक्योचे खरेखुरे चित्र आहे. आज तसे भूखंड उरलेले नाहीत, तरी चित्रकथेत ते टिकून राहिले.

खिशातल्या वस्तू किती आहेत? आणि त्यामुळे मुले आळशी होत नाहीत का?

वस्तू हजाराच्या कितीतरी वर आहेत. नेमका आकडा मोजण्याच्या पद्धतीवर बदलतो. डोक्यावर लावायचा बांबूचा पंखा, कुठेही उघडणारा दरवाजा आणि खणातले कालयंत्र सर्वांना माहीत आहे. मला स्वतःला अधिक आवडतात त्या स्वयंपाकघरातून आलेल्या वस्तू. उदाहरणार्थ, कोन्याकू ही सुरणाच्याच कुळातल्या एका कंदापासून केलेली, लिबलिबीत, जवळजवळ बेचव वडी असते. डोरेमॉनची कोन्याकू खाल्ली की कोणतीही भाषा कळते आणि बोलता येते.

आळसाचा प्रश्न पालक काळजीपोटी विचारतात, म्हणून त्याचे उत्तर एका गोष्टीच्या आधारे देतो. दुसऱ्या खंडात पाठांतराच्या पावाची गोष्ट आहे. पावाची चकती वहीच्या पानावर दाबायची, अक्षरे तिच्यावर उमटतात, आणि ती खाल्ली की ते पान तोंडपाठ होते. परीक्षा दुसऱ्या दिवशी आहे. नोबिता पान दाबतो, खातो, पुन्हा दाबतो, पुन्हा खातो. पोट भरते तरी पाने संपत नाहीत. शेवटी चकती हातात धरवत नाही अशी अवस्था होते, पोट बिघडते, आणि जे पाठ झाले होते ते सगळे पोटाबरोबरच निघून जाते. पुन्हा पहिल्या पानापासून खायची वेळ येते.

बहुसंख्य गोष्टींचा सांगाडा हाच आहे. वस्तू मिळते, पहिल्यांदा छान चालते, नोबिताला हाव सुटते किंवा जियान ती हिसकावतो, आणि शेवटच्या चौकटीत सगळे अंगाशी येते. ‘मला अशी वस्तू मिळाली असती तर’ असे म्हणणाऱ्या मुलाला तीच गोष्ट पुढच्या दोन पानांत दाखवते की तिचे काय झाले असते. उपदेशाचे एकही वाक्य त्यात नाही. मूल हसते आणि समजते. म्हणून या मालिकेला आळसाचे शिक्षण म्हणणे मला अन्यायाचे वाटते. दिवसाला चार तास टीव्हीसमोर बसल्याने जो आळस येतो, तो कोणत्याही मालिकेने येईल.

सगळ्याच गोष्टी हसण्याच्या आहेत का?

नाहीत. चौथ्या खंडात आजीची गोष्ट आहे. नोबिताला जुन्या सामानात आजीने ठिगळ लावलेले अस्वल सापडते आणि तो कालयंत्रातून तिला पाहायला जातो. समोर उभा असलेला मोठा मुलगा आपला नातू आहे, हे ऐकून आजी क्षणभरही शंका घेत नाही. तुला शाळेत जाताना पाहायची इच्छा होती, असे ती म्हणते. तो धावत आपल्या काळात येतो, पाठीला दप्तर लावून परत जातो आणि तिच्यापुढे उभा राहतो. मग आजीला नातसून पाहावीशी वाटते, आणि नोबिता थेट शिजुकाकडे जाऊन आत्ताच लग्न करशील का असे विचारतो! डोळे पाणावले असतानाच हसू फुटावे, ही फुजिमोतो यांची खास हातोटी होती.

डोरेमॉनचा शेवट काय आहे? नोबिता दवाखान्यात पडून स्वप्न पाहत असतो, हे खरे आहे का?

हे खरे नाही. ती निव्वळ अफवा आहे. डोरेमॉनची बॅटरी संपते आणि मोठा झालेला नोबिता शास्त्रज्ञ होऊन त्याला पुन्हा चालू करतो, ही कथादेखील एका चाहत्याने रचलेली आहे, मूळ लेखकाची नाही.

फुजिमोतो यांनी स्वतः निरोपाच्या तीन गोष्टी लिहिल्या, १९७१, १९७२ आणि १९७४ साली. पहिल्या दोन आल्या त्या इयत्तावार मासिकांमुळेच. तेव्हा डोरेमॉन चौथीपर्यंतच होता. मार्चमध्ये शाळेचे वर्ष संपले की चौथीचे वाचक पाचवीच्या मासिकाकडे जाणार आणि तिथे त्यांना तो भेटणार नव्हता. त्या मुलांना न सांगता निघून जाणे लेखकाला पटले नाही, म्हणून खास त्यांच्यासाठी निरोप लिहिला गेला. खालच्या इयत्तांत डोरेमॉन पूर्ववत चालूच होता.

१९७४ ची गोष्ट मात्र कायमचा शेवट म्हणून लिहिली होती. डोरेमॉनला भविष्यात परतावे लागणार असते. रात्री नोबिताची गाठ झोपेत चालणाऱ्या जियानशी पडते. डोरेमॉनला हाक मारायची नाही, हे त्याने ठरवलेले असते, कारण आपण एकट्याने उभे राहू शकलो नाही तर तो निश्चिंतपणे जाऊ शकणार नाही. मार खाऊनही तो जियानचे कपडे सोडत नाही, आणि अखेरीस जियानच कंटाळून हार मानतो. सकाळी खोलीत डोरेमॉन नसतो.

एका महिन्यात लेखकाचे मन बदलले. पुढच्या अंकात १ एप्रिल येतो. डोरेमॉन परतला, अशी थाप जियान मारतो आणि नोबिता कोलमडतो. डोरेमॉनने अडीअडचणीसाठी ठेवून दिलेल्या डब्यातून एक औषध निघते. ते प्याल्यावर बोललेले सगळे खोटे ठरते. घरी येऊन तो खिन्नपणे म्हणतो की डोरेमॉन आता कधीच परत येणार नाही. सहाव्या खंडाची अखेर आणि सातव्याची सुरुवात सलग वाचावी, अशी माझी आग्रहाची विनंती आहे.

टीव्हीवर ही मालिका केव्हापासून आहे?

पहिला प्रयत्न १९७३ साली झाला. निप्पॉन टेलिव्हिजनवर एप्रिल ते सप्टेंबर एवढाच काळ ती मालिका चालली. खरी सुरुवात २ एप्रिल १९७९ रोजी टीव्ही आसाही या वाहिनीवर झाली, निर्मिती शिन-एई अ‍ॅनिमेशनची. आरंभी रोज संध्याकाळी दहा मिनिटांचा भाग असे. १९८१ पासून ती दर शुक्रवारी अर्धा तास दिसू लागली. मार्च २००५ मध्ये ही आवृत्ती संपली आणि १५ एप्रिल २००५ पासून नवी सुरू झाली, तीच आजही चालू आहे.

१९७९ पासून सव्वीस वर्षे डोरेमॉनला नोबुयो ओयामा यांचा किंचित घोगरा, मायाळू आवाज होता. २००५ साली पाचही मुख्य आवाज एकदम बदलले आणि डोरेमॉनची भूमिका वासाबी मिझुता यांच्याकडे आली. ओयामा आणि नोबिताचा आवाज देणाऱ्या नोरिको ओहारा या दोघीही २०२४ साली निवर्तल्या.

चित्रपट दरवर्षी येतात का?

१९८० पासून जवळजवळ दर मार्चमध्ये, शाळेच्या सुट्टीच्या सुमारास, एक चित्रपट येतो. २००५ साली आला नाही. करोनामुळे २०२० चा ऑगस्टपर्यंत लांबला आणि २०२१ चा २०२२ मध्ये गेला. पहिल्या चित्रपटात नोबिता जीवाश्म अंड्यातून डायनासोरचे पिल्लू वाढवतो. मालिकेत दमदाटी करणारा जियान चित्रपटांत मित्रांसाठी जिवावर उदार होतो, हे चाहत्यांचे लाडके निरीक्षण खरे आहे. २०१४ साली संगणकावर केलेला त्रिमितीय चित्रपटही आला.

आपल्याकडे डोरेमॉन मराठी घरांत हिंदीत का पोहोचला?

२००५ च्या सुमारास हंगामा टीव्हीवर तो हिंदी आवाजात सुरू झाला आणि पुढे डिस्नेच्या वाहिन्यांवरही दिसू लागला. शाळेत हिंदी सुरू होण्याआधीच मराठी घरांतली अनेक मुले अस्खलित हिंदी बोलू लागली, त्यात या मालिकेचा वाटा मोठा आहे. बांगलादेशात तर मुले बंगालीऐवजी हिंदी बोलू लागल्याच्या काळजीने २०१३ साली हिंदी डोरेमॉनचे प्रसारण बंद करण्यात आले. या मालिकेला आपल्या भाषेत चांगला आवाज मिळायला हवा होता, ही खंत मला वाटते. ‘डोरेमॉन, वाचव रे!’ ही हाक मराठीत किती सहज बसली असती.

कोणत्या वयापासून दाखवावी? काही खटकण्यासारखे आहे का?

पाच-सहा वर्षांपासून हरकत नाही, पण शेजारी बसून पाहावी. शिजुका आंघोळ करत असताना नोबिता अचानक तिथे पोहोचतो, हा विनोद जुन्या गोष्टींत वारंवार येतो. तो आज चुकीचाच वाटतो आणि मुलांशी त्याबद्दल स्पष्ट बोलावे. जियानची मारहाण, शून्य गुण मिळाल्यावर आईचा संताप, हेही त्या काळाचे आहे. या त्रुटी मान्य करूनही मी माझ्या घरच्या मुलांना ही पुस्तके देतो.

जपानला गेल्यास काय पाहावे?

तोक्योजवळच्या कावासाकी शहरात, जिथे फुजिमोतो राहत होते, ३ सप्टेंबर २०११ रोजी त्यांचे संग्रहालय उघडले. पुढच्या वर्षी त्याच तारखेला, म्हणजे जन्माच्या बरोबर शंभर वर्षे आधी, शहराने डोरेमॉनला रहिवासी असल्याचा खास दाखलाही दिला. आत मूळ रेखाटने आणि लेखकाचे कामाचे टेबल आहे, गच्चीवर कुठेही उघडणारा दरवाजा आणि सिमेंटचे पाइप आहेत, आणि उपाहारगृहात पाठांतराचा पाव मिळतो. तिकीट ठरावीक दिवसाचे व वेळेचे असते आणि ते आधीच काढावे लागते. नोबोरितो स्थानकाबाहेरून संग्रहालयाची बस सुटते.

हाती आणखी एक-दोन दिवस असतील, तर ताकाओका गाठावे. स्थानकाजवळ पात्रांचे ब्राँझचे पुतळे आहेत, आणि गावातून निळ्या रंगाची डोरेमॉनची ट्राम धावते.